शाईतलं तुमचं नव्हतं, आप्पा

आप्पा,

तुम्ही गेल्यानंतरच्या पुण्यानुमोदनाला रविवारी चौदा जण बोलले. तुम्ही किती शिस्तीचे होतात, कुरकुंभच्या कंपनीत तुम्हाला कधी उशीर झाला नाही, विहाराच्या पायऱ्यांना फरशी तुम्ही उभं राहून बसवून घेतलीत. सगळं खरं. पण इतकी वर्षं तुम्ही वह्यांमध्ये काय लिहीत होतात, हे चौदांतल्या एकालाही सांगता आलं नाही. "आप्पांना वाचनाची आवड होती," असं एक जण म्हणाला. आवड! जशी एखाद्याला भज्यांची असते.

पंधरावी मी बोलले. काय बोलले ते तुम्हाला कळायला हवं म्हणून हे लिहिते आहे. आणि चिडले आहे म्हणूनही लिहिते आहे. माझ्यावर, तुमच्यावर आणि तुमच्या त्या जर्मनांवर.

कंपनीत रिअॅक्टर सांभाळणारा एक ऑपरेटर दौंडच्या दोन खोल्यांत बसून नव्या जर्मन तत्त्वज्ञानावर आणि त्याच्या आपल्यावर झालेल्या परिणामावर मराठीत पुस्तक लिहितोय, हे मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा हसले होते. माझा दोष नव्हता. आमच्या वडगाव रासाईच्या घरात पुस्तकं नव्हती, पुस्तिका होत्या. बाबा जयंतीला, मेळाव्यांना सतरंजी अंथरून त्या विकायचे आणि उरलेल्या घरी यायच्या. सोळा पानं, दोन पिना, वर मूठ नाहीतर उगवता सूर्य. मी अक्षरं त्यांवरच शिकले. जगातला कुठलाही प्रश्न सोळा पानांत संपतो अशी बारावीपर्यंत माझी खात्री होती. पुढे शिरूरच्या कॉलेजात तासिकेवर शिकवायला लागले, स्वतःच पुस्तिका लिहायला लागले, तरी ती खात्री फारशी कमी झाली नाही.

तुम्ही पहिल्या भेटीतच त्या खात्रीला हात घातलात. दौंडच्या विहाराबाहेर मी पुस्तिका विकत होते. तुम्ही एक घेतलीत, तिथंच उभ्यानं सगळी वाचलीत आणि परत आलात.

"पान तीन," तुम्ही म्हणालात. "'इतिहास आपल्या बाजूनं आहे.' तुला कवा भेटला इतिहास?"

"म्हणजे?"

"न्हाई, त्यानं सांगितलं आसंल ना तुला, मी तुमच्या बाजूनं हाय म्हणून. कुठं भेटला? चौफुल्याला का पाटसच्या ष्टँडवर?"

माझ्या मैत्रिणी हसल्या. मी लाल झाले. मग तुम्ही अगदी शांतपणे, वॉल्वची खूण दाखवावी तसं दाखवलंत. "हे वाक्य जर्मन हाय, पोरी. तिथनं इंग्रजीत आलं, इंग्रजीतनं मुंबईत, मुंबईतनं पुण्यात, आन् पुण्यातनं तुझ्या पान तीनवर. इतक्या हातातनं आलं, पर मधी कुणी धुतलं न्हाई."

मी चिडून तुमच्या घरी आले ती तुम्हाला खोटं पाडायला. आणि येतच राहिले. भीमा ओलांडायची, पाटसला गाडी बदलायची, दौंडला उतरायचं. आक्का चहा टाकायच्या आणि म्हणायच्या, "आली बघा तुमची भांडखोर."

तुमचा तो फळ्यांचा रॅक मी विसरणार नाही. स्टेशनजवळच्या रद्दीवाल्याकडून आणलेली जर्मन विचारांवरची इंग्रजी पुस्तकं. कुणाला मुखपृष्ठ नाही, कुणाची शेवटची दोन प्रकरणं गेलेली. मूळ लिखाण एकही नाही, सगळी त्या लिखाणावरची पुस्तकं. मी नाक मुरडलं तर तुम्ही म्हणालात, "मूळ वाचाय जर्मन यावं लागतं. मला येत न्हाई. तुला येतं का? मग आपण दोघं बी ऐकीव माहितीवर हाय. फकस्त मला ते म्हाइत हाय." आणि एकच जर्मन दोन पुस्तकांत कसा वेगळा दिसतो ते दाखवलंत. एकात तो स्वातंत्र्याचा कैवारी, दुसऱ्यात सरकारचा भाट. "प्रत्येकानं आपल्याला पायजे तसा जर्मन शिवून घेतलाय," म्हणालात, "आन् तू बी."

तुमच्या वह्यांत त्यांची नावं कुठंच नव्हती. पहिला जर्मन, दुसरा जर्मन, तिसरा, बस. मी विचारलं तर म्हणालात, "नाव घेतलं की लोक ऐकायचं थांबत्यात. नाव आवडतं असलं तर हात जोडत्यात, नावडतं असलं तर दगड उचलत्यात. मधी विचार बसतो कोपऱ्यात." मला हे पटलं होतं. आता वाटतं, एका तरी पानावर एक तरी नाव लिहिलं असतंत तर माझ्यावर ही वेळ आली नसती.

आपलं भांडण पहिल्या दिवसापासून एकच होतं. मी म्हणायचे, छापा. कामगारांपर्यंत जाऊ द्या, वस्तीत वाचू द्या. तुम्ही म्हणायचात, अजून नीट नाही.

"तुझी पुस्तिका म्हंजी अलार्म," एकदा म्हणालात. "वाजतो झकास. कुठला पंप बिघडलाय ते सांगत न्हाई."

"आणि तुमची वही म्हणजे मेन्टेनन्सला बंद ठेवलेला प्लांट. वर्षानुवर्षं काम चालू, माल बाहेर काही नाही."

तुम्ही इतके हसलात की आक्का बाहेर बघायला आल्या. पण माझं ते वाक्य तुम्हाला लागलं असावं. कारण या वर्षी, जयंतीच्या पंधरा दिवस आधी, तुम्ही आपणहून म्हणालात, "सातव्या वहीतलं मालक आन् दासाचं प्रकरण घे. त्याची कर पुस्तिका. पर मला दाखवून मग छाप."

मला दाखवून मग छाप. चार शब्द होते, आप्पा. तेवढे पाळले असते तर बस होतं.

मी आले त्या दिवशी तुम्ही तब्येतीच्या तपासणीसाठी पुण्याला गेला होतात. आक्कांनी वही काढून दिली आणि त्या आत भाकरी थापायला गेल्या. मी वही उघडली. डाव्या पानांवर निळ्या शाईत तुमचं मोत्यासारखं अक्षर, एक खाडाखोड नाही. उजव्या पानांवर पेन्सिल. फिकट, खोडलेलं, पुन्हा लिहिलेलं, मध्येच बाण, मध्येच प्रश्नचिन्हं. शाळेत आपल्याला काय शिकवतात? शाईचं ते पक्कं, पेन्सिलीचं ते कच्चं. मी फक्त डावी पानं मोबाइलवर टिपली. रात्रीच्या गाडीनं तुम्ही येणार होतात, पण जयंती दोन दिवसांवर होती, छापखानेवाला घाई करत होता, आणि मजकूर असा काही पेटलेला होता की मला धीर धरवेना.

काय होतं त्यात? मालक आणि दास समोरासमोर येतात. जिवाच्या भीतीनं दास शरण जातो. मालक बसून खातो, दास राबतो. पण राबता राबता दासाच्या हाताला मातीची, लोखंडाची, आगीची ओळख होते. त्याच्या हातून जग घडतं आणि त्या घडलेल्या जगात तो स्वतःला बघतो. मालक मात्र दासावाचून पांगळा होत जातो. शेवटी मोकळा होतो तो राबणाराच. मला वाटलं, अखेर आप्पांनी अलार्म वाजवला! शेवटचं वाक्य मी मुखपृष्ठावर घेतलं, मोठ्या टायपात: राबणाराच मोकळा होतो. खाली तुमचं नाव.

जयंतीला पुस्तिका संपली. लोकांनी मागून घेतली. संध्याकाळी मी ती मिरवत तुमच्याकडे आणली. तुम्ही कॉटवर बसून चष्मा लावलात, पहिलं पान वाचलंत, दुसरं वाचलंत, आणि हसायला लागलात. खोकला येईपर्यंत हसलात.

"झकास," म्हणालात. "माझ्या विरोधकाची बाजू आजवर एवढी चांगली कुणी छापली नसंल."

मला कळेना. मग तुम्ही सांगितलंत. तुमच्या त्या दुष्ट शांतपणानं सांगितलंत.

"शिफ्ट बदलताना आमी काय करतो? आधीचा मानूस जे सांगंल ते त्याच्या शब्दात लिवून घेतो. शाईनं. त्यात आपलं शहाणपण घालायचं न्हाई. मग सोता जायचं, वॉल्व बघायचा, गेज बघायचं. आन् मग आपलं लिवायचं. दुसऱ्याचं म्हणणं खोडायचा मला अधिकार न्हाई, म्हणून ते शाईत. माझं मला कवाबी खोडता आलं पायजे, म्हणून पेन्सिल. शाईतलं त्या जर्मनाचं हाय, प्रज्ञे. माझं उजवीकडं व्हतं."

"काय होतं उजवीकडे?"

"माझा आजा," तुम्ही म्हणालात. "आजा गावकी करायचा. त्याचा बाप, त्याचा आजा, समदे तेच. मेलेली जनावरं वढायची, निरोप न्यायचे, सरपण फोडायचं, पिढ्यान्‌पिढ्या. राबून मानूस मोकळा व्हत आसता तर आमच्याइतकं मोकळं या देशात कुणी नसतं. आजा मोकळा झाला तो राबून न्हाई. ज्या दिशी समद्या वाड्यानं मिळून म्हणलं, उद्यापास्नं जनावर वढणार न्हाई, त्या दिशी झाला. त्या जर्मनाच्या गोष्टीत दास कवाच 'न्हाई' म्हणत न्हाई, बघ."

माझ्या हातातल्या पुस्तिकेकडे मला बघवेना. मी म्हणाले, उद्याच दुरुस्ती छापते, उजव्या पानांसकट. तुम्ही मान हलवलीत. "दुरुस्ती न्हाई. उत्तर. आन् माझ्या पेन्सिलीतलं नगं. तुझं."

"पुस्तक तुमचं आहे! नाव तुमचं आहे!"

"चूक तुझी हाय," म्हणालात, आणि पुन्हा हसलात.

मी रागानं उठून गेले. पायऱ्या उतरताना आक्का मागून हाक मारत होत्या, "अगं, च्या तरी घे." मी घेतला नाही. त्या चहाबद्दल मला अजून वाईट वाटतं.

मग कामगार दिन आला. कुरकुंभच्या तुमच्याच कंपनीत ठेकेदारी कामगार बायका जिथं डबे खातात, तिथल्या बोर्डावर ठेकेदाराच्या माणसानं एक कागद लावला. मोठ्या अक्षरात: राबणाराच मोकळा होतो. खाली तुमचं नाव. तिथं त्या महिन्यात साप्ताहिक सुट्टीवरून कुरबुर चालली होती, आणि तो माणूस बायकांना म्हणाला होता, "तुमच्याच आप्पांचं आहे बघा." मला एकानं फोटो पाठवला. मी गेटवर गेले, भांडले. तो हसून म्हणाला, "मॅडम, छापलंय कुणी? तुम्हीच ना?" गेटच्या आत मला कुणी सोडलं नाही.

तो फोटो तुम्हाला दाखवला तेव्हा तुम्ही पहिल्यांदा हसला नाहीत. मग म्हणालात, "ज्या देशातनं हा विचार आला, त्या देशात पुढं मानसं कोंडून मारायच्या छावण्या झाल्या. त्यातल्या काहींच्या दारावर लोखंडी अक्षरात आसंच व्हतं, कामानं मानूस मोकळा व्हतो म्हणून. त्या जर्मनानं ते लिवलं आसं मी म्हणत न्हाई. तो तवा मरून शंभर वर्सं झाली व्हती. पर दारावर लावता येईल आसं वाक्य दिसलं की तीनदा तपासावं." आणि उठून शर्ट घालायला लागलात, कुरकुंभला जायला. डॉक्टरनं जिना चढायलाही मना केलं होतं. आक्कांनी दाराची कडी लावली आणि दाराला पाठ लावून उभ्या राहिल्या. तुम्ही बसलात.

ती आपली शेवटची भेट असेल हे मला कुणी सांगितलं नाही. तुम्हीही नाही. मी निघताना तुम्ही एवढंच विचारलंत, "लिवायला घेतलंस का?" मी म्हणाले, "नाही. आणि घेणार नाही." तीन आठवड्यांनी आक्कांचा फोन आला.

दहनानंतर चौथ्या दिवशी मी सातवी वही मागितली. तुमचं ऐकायचं नाही, असं मी ठरवलं होतं. उजवी पानं जशीच्या तशी छापायची, तुमच्या नावानं, आणि त्या बोर्डावरच्या कागदाला तुमच्याच शब्दांत झोडायचं. आक्कांनी वही आणून दिली. मी प्रकरण काढलं. डावीकडे निळी शाई. उजवीकडे कोरं.

नऊ पानं, आप्पा. नऊच्या नऊ खोडलेली. पानांच्या खाचेत रबराचा चुरा अजून होता. बाकीच्या प्रकरणांची पेन्सिल जागच्या जागी आणि नेमकी हीच पानं पुसलेली.

"दोन दिस बसून खोडत व्हते," आक्का म्हणाल्या. "मी म्हणलं, आवं, काय करताय? म्हणले, जागा करतोय."

माझ्या तोंडून तुमच्याबद्दल जे निघालं ते मृत माणसाबद्दल बोलू नये. आक्का रागावल्या नाहीत. वही हातात घेऊन खिडकीशी गेल्या. "उन्हात धर, दिसंल कायतरी." धरली. कागदावर वळ होते. 'आजा' हा शब्द दोनदा लागला. बाकी काही नाही.

"ह्यांच्या पेन्सिली मीच तासून देत व्हते," आक्का म्हणाल्या. "रोज दोन. शाई कुणाची आन् पेन्सिल कुणाची, मला बिनचूक ठावं व्हतं. त्या दिशी भाकरी थापताना तू मला एकदा इचारलं आसतंस तर?"

विचारलं नव्हतं. जर्मन तत्त्वज्ञानाबद्दल आक्कांना काय विचारायचं, असं मला वाटलं होतं. मी, जिनं 'चूल आणि मूल' या विषयावर दोन पुस्तिका लिहिल्या आहेत.

आणि मग तुमचा राहुल. शनिवारी मला फोनवर म्हणाला, पुण्यानुमोदनाला आलेल्या प्रत्येकाला ती पुस्तिका देणार आहे, नव्यानं छापून घेतली आहे, मुखपृष्ठावर तुमचा फोटो टाकून. मी सांगितलं, ते आप्पांचं मत नाही, उलटं आहे. तो भडकला.

"ताई, तुम्हीच छापलंत, तुम्हीच वाटलंत. आता वडील गेल्यावर म्हणता चूक होती? पुरावा काय?"

"पुरावा त्यांनी खोडला."

"म्हणजे नाही. ऐका, आमच्या आप्पांचं छापलेलं एवढं एकच आहे. मला ते लोकांच्या हातात द्यायचंय. एवढं करू द्या."

त्याला दोष कसा देऊ? तो पुण्यात नोकरी करतो, त्यानं वह्या कधी उघडल्या नाहीत. बापाचं नाव पहिल्यांदा टायपात बघून तो रडला होता. आणि मी त्याला सांगत होते की नाव तेवढं बापाचं, मजकूर त्याच्या विरोधकाचा.

रविवारी तुमच्या घरापुढच्या मांडवात, मेणबत्त्यांशेजारच्या टेबलावर गठ्ठा ठेवलेला होता. त्रिशरण-पंचशील झालं, चौदा भाषणं झाली. मी उठले. मला मोठ्यानं बोलायची सवय आहे, सभा गाजवायची सवय आहे. त्या दिवशी हळू बोलले. म्हणाले, ही पुस्तिका मी छापली. यातलं एकही मत आप्पांचं नाही. आप्पा दुसऱ्याचं म्हणणं शाईनं लिहायचे आणि आपलं पेन्सिलीनं, मी ते न विचारता छापलं. त्यांच्या पेन्सिलीतलं आता उरलेलं नाही, म्हणून मी सिद्ध काहीच करू शकत नाही. मग मला तोंडी सांगितलेलं तेवढं सांगितलं, आजाचं, वाड्यानं 'नाही' म्हटल्याचं.

कुणी टाळी वाजवली नाही. मागून एक जण पुटपुटला, "हे आज बोलायचं व्हय?" राहुल उठून उभा राहिला. तेवढ्यात आक्का उठल्या, टेबलाशी गेल्या, गठ्ठा उचलला. जड होता. दोन पावलं टाकल्यावर राहुल धावला आणि त्यानं तो त्यांच्या हातातून घेतला. मला वाटलं आता वाटणार. आक्कांनी त्याला खोलीचं दार दाखवलं. "ती खरं बोलतीया," एवढंच म्हणाल्या. तो आत गेला आणि रिकाम्या हातानं बाहेर आला. माझ्याकडे त्यानं बघितलं नाही. अजून बघत नाही.

जेवणं सुरू झाली तेव्हा मी मांडवाबाहेर जाऊन उभी राहिले. एक बाई जवळ आली. पांढरी साडी, हातावर रसायनाचे जुने डाग. शोभाताई. कुरकुंभला त्याच ठेकेदाराकडे पॅकिंगला आहेत.

मी आपणहून म्हणाले, "त्या बोर्डावरच्या कागदाचं काहीतरी करते मी. आणखी थोडे दिवस द्या."

"कुठल्या?" त्या म्हणाल्या. "राबणाराच? त्यो आमी त्याच दिशी काढला की. त्याच्यावर डबं ठिवतो."

"कुणी सांगितलं काढायला?"

"सांगाय कशाला पायजे? आप्पा आसं लिवतील व्हय! रिटायर व्हायच्या आधी मधल्या सुट्टीत येऊन बसायचे आमच्यात. कायबाय इचारत बसायचे. आमाला म्हाइत न्हाई का मानूस?"

इतके दिवस मी पुरावा शोधत होते, आप्पा. वह्यांत, वळांत, उन्हात धरून.

मला वाटलं बोलणं संपलं. पण शोभाताई जागच्या हलल्या नाहीत. "तुमी मगाशी सांगितलं ते बरं वाटलं," म्हणाल्या. "पर एक हाय. आज्यानं काम सोडलं आन् सुटला, खरंय. माझ्या आजेसासऱ्यानं बी सोडलं. आता मी सोडलं तर? ठेकेदार सुटतो, मी न्हाई. दुसऱ्या दिशी गेटवर पंधराजणी हुब्या."

"म्हणूनच संघटना..."

"ते ठावं हाय. त्याची पुस्तिका हाय माझ्याकडं. तुमचीच हाय." त्यांनी हात हलवला. "मी दुसरं इचारतीया. तो तुमचा जर्मन म्हणतो, मालक आन् दास समोरासमोर येत्यात. आमी कुठं येतो? मालक मी बघितलाच न्हाई कवा. ठेकेदाराचा मानूस बघितला, त्याचा सुपरवायजर बघितला. राबून मोकळं न्हाई, सोडून मोकळं न्हाई, आन् ज्याच्यापास्नं मोकळं व्हायचं तो दिसत न्हाई. आमच्यावानी बाई हाय का त्या पुस्तकात?"

नाही. शाईत नाही, आणि तुम्ही मला जेवढं सांगितलंत त्यातही नाही. तुम्ही ती नऊ पानं माझ्यासाठी खोडलीत, की शोभाताईंनीच कधी मधल्या सुट्टीत तुम्हाला हे विचारलं होतं आणि तुमचंच उत्तर तुम्हाला पुरेना, म्हणून खोडलीत? हे मला आता कधीच कळणार नाही, आणि यासाठी मी तुम्हाला माफ करणार नाही. एक ओळ लिहून ठेवायची होती. एका ओळीनं काय बिघडलं असतं?

मी त्यांना म्हणाले, "याच्यावर लिहिते. लिहून आणते."

"आना की. पर आधी बुधवारी या, पयली पाळी सुटल्यावर. आमी सहाजणी आसतो चौकात, गाडी येईस्तोवर. वाचून दाखवू नगा कायबी. बसा, आन् इचारा. आमी सांगू."

आज मंगळवार. सकाळपासून तीनदा लिहायला बसले. तिन्ही वेळा पहिल्याच पानावर इतिहास आमच्या बाजूनं उभा राहायला लागला आणि मी कागद फाडला. त्या सहाजणींना विचारायचा पहिला प्रश्न काय, तेवढासुद्धा मला ठरवता येत नाहीये. तुम्ही असतात तर पाटसपासून कुरकुंभपर्यंत तुमच्याशी भांडत गेले असते आणि उतरेपर्यंत तो सापडला असता. उद्या दुपारी ती सगळी वाट मला कुणाशी न बोलता जायची आहे.

प्रज्ञा